फोटोखालची ओळ

आमच्या शेजारचे भाऊसाहेब गेले. तेराव्याच्या दिवशी त्यांच्या हार घातलेल्या फोटोखाली सुंदर वळणदार अक्षरात एक ओळ लिहिली होती: "दार लावा, डास येतात."

ती वाचली आणि माझ्या हातातली फुलं हातातच राहिली. मला धक्के सोसत नाहीत, हे आधीच सांगून ठेवतो. अवेळी बेल वाजली तरी मी आधी पडद्याआडून बघतो. इथं तर हॉल माणसांनी भरलेला, गुरुजी बसलेले, इंदूरचे व्याही पुढच्या रांगेत, आणि जिथं एखादा संस्कृत श्लोक असायचा तिथं डास. सगळ्यांनीच वाचलं होतं. कुणाला कुणाकडं बघवेना. तेवढ्यात भाऊसाहेबांच्या सूनबाई, ज्या इतके दिवस कोरड्या डोळ्यांनी आल्यागेल्याला पाणी देत होत्या, त्या फिसकन हसल्या आणि हसता हसता ओक्साबोक्शी रडायला लागल्या. मागच्या रांगेतलं कुणीतरी मुकाट्यानं उठलं आणि दार लावून आलं.

ती ओळ लिहिणारे दिगूकाका पोतनीस कोपऱ्यात हात जोडून उभे होते. चेहऱ्यावर काही नाही. मी बाहेर आल्यावर त्यांना गाठलं.

"काका, हे काय केलंत?"

"काय केलं? भाऊसाहेब रोज संध्याकाळी हेच बोलायचे ना?"

"म्हणून फोटोखाली लिहायचं?"

"अरे भिया," इकडच्या पद्धतीनं भय्याचं भिया करत ते म्हणाले, "फोटोत सगळं येतं. नाक येतं, टोपी येते, शर्टाचं तुटलेलं बटनसुद्धा येतं. आवाज तेवढा येत नाही. तो आपण घालायचा."

दिगूकाका सरकारी शाळेतून रिटायर झालेले ड्रॉइंग मास्तर. उंच, जरासे वाकलेले, आणि कान असे मोठे की समोरून बघताना आधी कानच येताना दिसतात. घराणं रियासतीच्या काळातलं. आमच्या देवासला पूर्वी एकाच गावात दोन राज्यं होती, थोरली पाती आणि धाकटी पाती. दोन महाराज, दोन दफ्तरं. काकांचे पणजोबा थोरल्या पातीच्या दफ्तरात होते. ती राज्यं केव्हाच गेली, पण काका आजही रस्त्यापलीकडच्या माणसाला 'ते धाकट्या पातीतले' म्हणतात, आणि तो बिचारा बदली होऊन ग्वाल्हेरहून आलेला असतो. आम्ही मात्र कारखान्याचे मराठी. माझे वडील नोकरीसाठी साताऱ्याकडून इथं आले, मी इथंच जन्मलो, माझी मुलगी इथंच जन्मली, तरी काकांच्या लेखी आम्ही कालच स्टेशनवर उतरलोय.

पूर्वी लोक त्यांच्याकडे फक्त अक्षरासाठी जायचे. दारावरची पाटी, मुंजीच्या पाकिटांवरची नावं, असली कामं. मग घरोघरी अल्बमचं वेड आलं. साठी, पंचाहत्तरी, लग्नाचा पन्नासावा वाढदिवस, रिटायरमेंट. काहीही झालं की मुलं जाड कागदाचं स्क्रॅपबुक करतात, फोटो चिकटवतात, आणि प्रत्येक फोटोखाली त्यांना काहीतरी अर्थपूर्ण पाहिजे असतं. मुलं शिकलेली हिंदी शाळेत. मराठी बोलतात फडाफडा, लिहायला बसवलं की घाम फुटतो. म्हणून मग 'काकांकडून दो लाइन लिखवा लो'.

आणि काका त्या आणलेल्या लाइनी लिहायलाच तयार होईनात. कुणी मोबाइलवरून उतरवलेलं सुवचन पुढं केलं की त्यांचा ठरलेला प्रश्न असे, "कोण बोललं हे?"

"काका, नेटवर होतं."

"ते कळलं. पण बोललं कोण? कुठं उभं राहून?"

या 'कुठं उभं राहून'पुढं भले भले मोबाइल खिशात घालत. काकांचं म्हणणं एवढंच, की माणसाच्या फोटोखाली त्याचंच वाक्य पाहिजे, त्यानं खरोखर उच्चारलेलं, आणि एकदा नाही तर जन्मभर. ते मिळवायला काका त्या घरी जाऊन बसत. रोज संध्याकाळी पाच वाजता चहा घेऊन ते बाहेर पडायचे ते जेवणवेळेपर्यंत कुणाच्या ना कुणाच्या व्हरांड्यात कान देऊन बसलेले असायचे. लिहून काही घेत नसत. "लिहायला लागलं की ऐकणं बंद होतं," म्हणायचे. सगळं त्या दोन कानांत.

त्यांच्यापायी मला सगळ्यात मोठा धक्का बसला तो धारला. तिथल्या एका कॉलेजचे प्राचार्य रिटायर होणार होते. स्टाफनं मखमली कव्हरचं, सोनेरी दोरीचं स्क्रॅपबुक केलं होतं. पहिल्या पानावर सरांचा मोठा फोटो आणि त्याखाली ज्ञानाचा दिवा, समईची ज्योत, असलं काहीतरी हवं होतं. काका आधी धारला मुक्काम करून, ऐकून, लिहून आले होते. समारंभाला मी त्यांना माझ्या गाडीतून घेऊन गेलो. सरांनी सगळ्यांसमोर कव्हर उघडलं. खाली ओळ होती: "अर्ज ठेवून जा, बघतो."

 गाडी कुठं लावलीय आणि मागचं दार कुठं आहे हे मी आठवायला लागलो. सरांनी चष्मा पुसला. परत वाचलं.

"मी असं म्हणायचो?"

"हो, सर," सगळा स्टाफ एका सुरात म्हणाला.

सरांनी ओळीवरून बोट फिरवलं. मग हळूच विचारलं, "आणि बघायचो का?"

एकदोघांनी हारतुरे आवरायला घेतले. शेवटी मागून एक बाई म्हणाल्या, "कधीकधी, सर."

त्यानंतर जे हसू फुटलं त्यात सर सगळ्यांत पुढं होते. दाल-बाफल्यांच्या पंगतीत ते स्क्रॅपबुक मांडीवर घेऊनच बसले आणि तुपाचा एक डाग पहिल्या पानावर पाडून घेतला. 

सगळेच काही दचकत नाहीत, हेही खरं. चौकातल्या सेववाल्याच्या साठीला काकांनी लिहिलं, "पहले चख तो लो, भिया." त्याला ते इतकं आवडलं की पेंटर बोलावून त्यानं ते दुकानाच्या बोर्डावर रंगवून घेतलं. बोर्डावर आता दुकानाचं नाव बारीक आहे आणि ती ओळ ठळक.

काकांच्या घरी गेलात तर पुढच्या खोलीत त्यांच्या माणसांचे फोटो दिसतील. वडिलांच्या खाली, "पाय धुवून आत या." आईच्या खाली, "कोण कोण जेवायचंय?" मधोमध मंदाकाकूंचा फोटो. काकांची बायको. त्यांना जाऊन वर्ष होत आलं होतं. त्यांच्या फोटोखालीही काकांनी कागदाची पांढरी पट्टी लावली होती, बरोबर मापाची, कडा सरळ कापलेली. आणि त्या पट्टीवर काही म्हणजे काही लिहिलेलं नव्हतं.

मी एकदा विचारलं तर म्हणाले, "चाललंय." पुन्हा विचारलं तेव्हा खुर्चीत बसले आणि सांगितलं. पुण्याची मुलगी, कल्याणी, आईचा अल्बम करत होती. सगळा झाला होता, मंदाकाकूंच्या मोठ्या फोटोचं एक पान अडलं होतं. वर्षश्राद्धाला ती अल्बम घेऊन येणार होती आणि फोनवर तिनं बापाला ऐकवलं होतं, "बाबा, गावाला लिहून देता. आईला एक ओळ नाही?"

"म्हणून शोधून राहिलोय," काका म्हणाले. "हाटपिपल्याला गेलो, तिच्या भावाकडे. तो म्हणाला, जिजाजी, ताई कुठं बोलायची, ताई तर ऐकायची. बागलीला तिची मैत्रीण आहे, तिथं गेलो. ती बोलली, मंदा हसायची छान."

"पण घरात काहीतरी म्हणत असतील ना?"

"मी घरात असलो की मीच बोलायचो, भिया. कुठं काय ऐकलं ते सांगायचो. ती हूं म्हणायची." त्यांनी पट्टीकडं पाहिलं. "आता 'हूं' लिहू का? अख्ख्या देवासचा आवाज या कानांत आहे. हिचाच नाही."

मी एवढा चाट पडलो की चहा न घेताच उठलो. बाईबरोबर सगळा संसार झाला आणि तिचं एक वाक्य हाती लागू नये, आणि तेही या माणसाच्या.

त्याच सुमारास आमच्या आईचं सहस्रचंद्रदर्शन ठरलं. माझी मुलगी मुक्ता इंदूरला नोकरी करते; तिनं आजीचं स्क्रॅपबुक करायचं घेतलं आणि मोबाइलवरून ममता, सागर, वटवृक्ष अशी कोटेशन्स गोळा केली. काकांनी ती ऐकली. "तुझी आजी वटवृक्ष आहे असं कोण बोललं?" त्यांनी विचारलं, आणि दुसऱ्या दिवसापासून ते आमच्या स्वयंपाकघराच्या दारात स्टूल टाकून बसायला लागले.

ते दिवस आठवले की अजून माझी मान अवघडते. काका ऐकताहेत म्हटल्यावर घरातला प्रत्येकजण रेडिओवर असल्यासारखा बोलू लागला. बायको, नीलिमा, मला 'अहो, जरा जिरे देता का' म्हणू लागली. मी एकदा भाजी चिरता चिरता म्हणालो, "श्रम हीच खरी पूजा." काकांनी माझ्याकडं कीव आल्यासारखं पाहिलं.

"हे तुमचं नाही, भिया. तुमचं मला केव्हाच मिळालंय."

"कोणतं?"

"मला आधी कुणी सांगितलं का?"

"काय सांगायचं होतं?"

"हेच. हेच तुमचं वाक्य."

नीलिमा ओट्याकडं तोंड करून हसत होती. मला जे वाटलं ते मी इथं लिहीत नाही.

काका गेल्यावर त्या संध्याकाळी मी तिला मंदाकाकूंच्या कोऱ्या पट्टीचं सांगितलं. ती पोळी लाटता लाटता थांबली.

"काकूंचं वाक्य मिळत नाही त्यांना? अहो, सगळ्या गल्लीला पाठ आहे ते. त्यांना एकट्यांना सोडून."

"कोणतं?"

"दिवेलागणीला रोज फाटकाशी यायच्या, आठवत नाही? 'आमची स्वारी आहे का हो इकडे?'"

मला ते इतकं लख्ख ऐकू आलं की मी खिडकीतून फाटकाकडं पाहिलं. जुन्या वळणाच्या घरातली बाई. नवऱ्याचं नाव घ्यायची नाही, 'हे' सुद्धा म्हणायची नाही. स्वारी. आमच्याकडं विचारायच्या, समोर विचारायच्या, कोपऱ्यावरच्या घरी विचारायच्या. मुक्ता लहानपणी बाहुली हरवली की त्याच चालीवर विचारायची, आमची स्वारी आहे का हो इकडे. आणि काकांच्या कानावर ते कधी पडलंच नाही, कारण काका जिथं असत तिथं ते विचारायची वेळ यायची नाही, असं मला तेव्हा वाटलं.

"मग सांगू या त्यांना," मी म्हणालो.

"काय सांगणार? तुम्ही जगाचं ऐकत फिरत होता आणि त्या तुम्हाला शोधत फिरत होत्या, हे? वर्षश्राद्धाच्या तोंडावर?"

तिचं खरं होतं. पण न सांगावं तर ते पान कोरं राहणार, कल्याणी येणार, आणि म्हातारा माणूस मुलीपुढं रिकाम्या हातांनी उभा राहणार. आम्ही दोन्ही बाजूंनी बोललो, पोळी तव्यावर करपली, आणि ठरलं काहीच नाही. आई पलीकडं देवाच्या वाती वळत बसली होती. 

सहस्रचंद्रदर्शनाच्या दिवशी घर माणसांनी भरलं. दिव्यांनी ओवाळून झालं, आणि मुक्तानं कापडात गुंडाळलेलं स्क्रॅपबुक आजीच्या मांडीवर ठेवलं. कव्हरवर आईचा फोटो आणि खाली काकांचं अक्षर. मुक्तानं अडखळत मोठ्यानं वाचलं, "मी बोलत नाही, पण दिसतं सगळं."

 नीलिमाच्या हातात ताट होतं. तिचा चेहरा बघून मी ते ताट काढून घेतलं. माझ्या थोरल्या बहिणीनं पदर तोंडाला लावला.

"मला आधी कुणी सांगितलं का?" मी म्हणालो, आणि जीभ चावली.

"मी असं कधी म्हणते?" आई म्हणाली. तिनं सगळ्यांवरून नजर फिरवली, बहिणीच्या पदरावर ती थोडी थांबली. "मी बोलत नाही, पण दिसतं सगळं."

मग जो हशा झाला, त्यात नीलिमाही सामील झाली, आणि माझा जीव भांड्यात पडला.

पाहुणे पांगेपर्यंत ऊन उतरलं होतं. काका व्हरांड्यात त्यांच्या नेहमीच्या खुर्चीत, फाटकाकडं पाठ करून, ताटलीतली जलेबी तोडत बसले होते. मी समोर बसलो होतो. आई भिंतीला धरून धरून बाहेर आली आणि त्यांच्या शेजारी टेकली.

"दिगंबरराव, मी बोलत नाही, ते तुम्ही लिहिलंतच. आज बोलते. मंदाचं वाक्य आहे माझ्याकडं."

आतून नीलिमा दारापर्यंत आली होती. मी तिला नजरेनं विचारलं, थांबवू का? तीही तशीच उभी राहिली.

"कोणतं, वहिनी?" काकांनी ताटली खाली ठेवली.

"आमची स्वारी आहे का हो इकडे?"

आईनं ते मंदाकाकूंसारखंच म्हटलं, शेवटी थोडं वर नेऊन. काका हलले नाहीत. तोंड जरासं उघडं राहिलं होतं. आयुष्यभर दुसऱ्यांना धक्के देणाऱ्या माणसाला धक्का बसलेला मी पहिल्यांदा पाहिला, आणि मला तो पाहवला नाही.

मग त्यांनी विचारलं, अगदी बारीक आवाजात, "कुठं उभी राहून?"

"त्या फाटकाशी. एक हात कडीवर. आत ये म्हटलं तर यायची नाही. कुकर लावलाय, म्हणायची."

"मग तुम्ही काय सांगायच्या?"

"तुम्ही इथं नसलात तर समोर बघ म्हणायचे. इथं असलात तर आहेत, बोलावू का म्हणायचे. तर मंदा म्हणायची, 'नको नको. बसू द्या. आहेत ना, झालं.' आणि जायची."

"मी इथं असताना? आणि मला ऐकू नाही आलं?"

"तुम्ही माझ्या लेकाचं ऐकत होता," आई म्हणाली.

काका उठले. पायऱ्या उतरले, फाटक उघडून बाहेर गेले, ते परत लावलं आणि बाहेरून कडीवर हात ठेवून उभे राहिले. तिथून त्यांनी आमच्या व्हरांड्याकडं पाहिलं. तिथून काय दिसतं ते मला माहीत आहे. त्यांच्या खुर्चीची पाठ दिसते. ते तसेच उभे राहिले. गावामागच्या देवीच्या टेकरीवरचे दिवे लागले. मला हाक मारावीशी वाटली, पण आईनं माझ्या हातावर हात ठेवला.

वर्षश्राद्धाला आम्ही सगळे गेलो. मंदाकाकूंच्या फोटोखालची पट्टी भरलेली होती. ते वळणदार अक्षर, पण 'स्वारी' तेवढं दोनदा गिरवलेलं होतं, आणि काकांनी ते तसंच ठेवलं होतं. कल्याणी अल्बमचं ते पान पुन्हा पुन्हा उघडत होती, मिटत होती. मला म्हणाली, "दादा, हे तर मी रोज ऐकायचे. मला वाटलं हे काही बोलणं नव्हे."

जेवणं झाली, भांडी झाली, पाच वाजले. सवयीनं मी म्हणालो, "काका, चला, आमच्याकडं चहा घेऊ."

ते फोटोसमोरच्या खुर्चीत बसले होते. उठले नाहीत.

"नको, भिया. आता इथंच बसतो," ते म्हणाले. "तिकडं कुणी विचारत आलं, तर सांगा. स्वारी घरीच आहे म्हणावं."